कोमट पट्ट्या

ट्राममधून विभावरी उतरली तेव्हा उजाडून बराच वेळ झाला होता, पण रस्त्यावरचे दिवे अजून चालूच होते. नोव्हेंबरात जर्मनीतल्या या येना शहरात असंच असतं. नदीचं धुकं दरीत साचून राहतं आणि दोन्ही अंगांच्या चुनखडीच्या टेकड्या दुपारपर्यंत दिसत नाहीत. तिनं मफलर घट्ट केला आणि चढ चढायला लागली. चढ काही फार नव्हता, तरी अर्ध्यावरच्या बाकावर ती बसली. अठ्ठावन्नाव्या वर्षी एवढ्याशा चढाला बसावं लागतं याचं पूर्वी तिला वाईट वाटलं असतं. आता बाक दिसला की ती बसायची.

वर, चढाच्या टोकाला, कोन्राड लिंडाउचं घर होतं. लिंडाउ हा संगीतकार जाऊन चाळीसेक वर्षं झाली होती. त्याचं नाव जर्मनीतही फार थोड्यांना माहीत होतं, आणि त्या थोड्यांपैकी निम्म्यांना ते विभावरीमुळे माहीत होतं.

विभावरी खांबेटे मूळची पुण्याची. कॅम्पातल्या एका गोवेकर मास्तरांकडे ती पियानो शिकली आणि शिष्यवृत्ती मिळवून कोलोनला आली. उत्तम वाजवायची. पण जर्मनीत उत्तम वाजवणारे ढिगानं होते. स्पर्धांमध्ये तिचा तिसरा नंबर यायचा, आणि तिसऱ्याला फुलं मिळतात, कार्यक्रम मिळत नाहीत. शेवटी तिच्या प्राध्यापकांनी एकदा कॉफी पिता पिता सांगितलं, "कुणालाच नको असलेलं काहीतरी धर. तिथे गर्दी नसते."

तिनं आधुनिक संगीत धरलं. नेहमीची गोड सुरावट टाकून दिलेलं, कधी आत हात घालून तारा छेडायला लावणारं, कधी कोपरानं पट्ट्यांचा जुडगा दाबायला लावणारं, कधी नुसतंच थांबून राहायला सांगणारं. एकदा पुण्याला गेलेली असताना सासूबाईंनी ते अर्धा तास मन लावून ऐकलं आणि विचारलं, "झालं का गं सूर लावून? आता वाजव."

त्या वाक्यावर ती आणि तिचा नवरा हरीश कित्येक वर्षं हसले. मग कधीतरी हसायचे थांबले.

लिंडाउवर तिनं पीएचडी केली, पुस्तक लिहिलं, जगभरच्या छोट्या छोट्या सभागृहांत त्याच्या रचना वाजवल्या. त्याची शेवटची रचना ऐन मधेच तुटते. एका ओळीच्या निम्म्यात सूर थांबतात आणि पुढे काहीच नाही. त्यानंतर त्यानं पियानोला हात लावला नाही. विभावरीनं आपल्या पुस्तकात मांडलं होतं की हे थांबणं म्हणजे नकार होता. त्या काळाला, तिथल्या तेव्हाच्या कम्युनिस्ट राजवटीला दिलेलं उत्तर होतं. लोकांना ते पटलं. तिलाही पटलं होतं.

नोकरी मात्र कधी पक्की झाली नाही. दोन वर्षं या शहरात, तीन वर्षं त्या शहरात, करार संपला की पुन्हा अर्ज. हरीश हॅम्बर्गला विमानांच्या कारखान्यात इंजिनियर. मुलगी निधी तिथेच वाढली, मराठी समजायची, उत्तर जर्मनमधून द्यायची. शुक्रवारच्या गाड्या, रविवारच्या गाड्या, यातच विभावरीची पंचवीस वर्षं गेली. आता उजव्या हाताच्या अनामिकेचा सांधा सुजून बसला होता. ते बोट पट्टीवर टेकायचं, पण दाबायचं नाही. तिनं सगळ्या रचनांची बोटं नव्यानं बसवली होती आणि कुणाला सांगितलं नव्हतं.

लिंडाउचं घर आता विकलं जाणार होतं. त्याआधी त्याच्या सगळ्या रचना त्याच्याच पियानोवर ध्वनिमुद्रित व्हाव्यात असं एका छोट्या संस्थेच्या मनात आलं. विभावरीनं हो म्हटलं. येनामध्ये तिचा भाचा मयुरेश होता. उष्णता टिपणाऱ्या कॅमेऱ्यांच्या भिंगांवर तो संशोधन करायचा. त्याच्याकडे राहायचं, महिनाभर सराव करायचा, वाजवायचं, आणि मग पुरे. हे पुरे तिनं अजून हरीशलाही बोलून दाखवलं नव्हतं.

घराच्या तळमजल्यावर लिंडाउची मुलगी राहायची. पीएचडीच्या वेळी विभावरी तिला पहिल्यांदा भेटली होती. आता फ्राऊ लिंडाउ ऐंशीच्या पुढची होती आणि गुडघ्यांमुळे तिनं कित्येक वर्षांत जिना चढला नव्हता. तिनं वरच्या खोलीची किल्ली पहिल्याच दिवशी विभावरीच्या हातात दिली. "एकच आहे," ती म्हणाली. "हरवू नका."

खोली लांबट होती, खिडकी दरीकडे. हीटर जेमतेम चालू, पियानोचं लाकूड तडकू नये एवढाच. तोंडातून वाफ निघायची. खालच्या तळघरात सफरचंदं साठवलेली असायची, त्यांचा आंबूस वास फटींतून वर यायचा. मधोमध काळा पियानो, झाकण बंद.

पहिल्या दिवशी झाकण उघडून तिनं पट्ट्यांवर बोटं ठेवली आणि उचलली. काही पट्ट्या कोमट होत्या.

सगळ्या नव्हे. मधल्या सप्तकातल्या चार-पाच, डावीकडच्या दोन. बाकीच्या बर्फासारख्या. आपलीच बोटं बधिर झाली असतील असं म्हणून तिनं हात चोळले आणि सरावाला लागली. थोड्या वेळानं सगळ्याच पट्ट्या सारख्या झाल्या आणि ती ते विसरली.

दुसऱ्या दिवशी पुन्हा. पट्ट्या वेगळ्या, पण तशाच कोमट. तिनं खिडकीकडे पाहिलं. धुकं दाटलेलं होतं, ऊन नव्हतंच. पियानोखाली वाकून पाहिलं. हीटरची नळी दुसऱ्या भिंतीला होती. खाली जाऊन तिनं फ्राऊ लिंडाउला सहज विचारलं, "वर सकाळी कुणी येतं का?"

"कोण येणार?" म्हातारी म्हणाली. "किल्ली तुमच्याकडे आहे."

तिसऱ्या दिवशी तिनं डोळे मिटून नुसती बोटं फिरवली. आणि तेव्हा तिच्या लक्षात आलं की ऊब सगळीकडे सारखी नाही. एक पट्टी जवळजवळ निवलेली, तिच्या पुढची जराशी कोमट, त्यापुढची चांगली उबदार. जणू एकीनंतर दुसरी, दुसरीनंतर तिसरी अशा कुणी दाबत गेलं होतं. तिनं त्याच क्रमानं त्या वाजवल्या.

 मग तिनं लिंडाउच्या शेवटच्या रचनेची तुटलेली ओळ वाजवली आणि न थांबता पुढे ते सूर वाजवले. सुरांचा सांधा कुठे जुळला तेही कळलं नाही.

त्या दिवसापासून ती रोज लवकर जाऊ लागली. काही करावं लागत नव्हतं. आदल्या दिवशी थांबली तिथून सुरू करायचं आणि बोटं पट्ट्यांवरून हलकेच न्यायची. जिथे ऊब असेल तिथे दाबायचं. दाबलं की पुढची पट्टी उबदार लागायची. एखाद्या दिवशी चार ओळी मिळत, एखाद्या दिवशी पानभर. मग ऊब संपायची, आणि ती हात मफलरमध्ये गुंडाळून खिडकीशी उभी राहायची.

तिला भीती वाटली नाही. आयुष्यभर ती परक्या गावांतल्या गारठलेल्या सभागृहांत गार पियानोवर जाऊन बसली होती. आपल्या आधी येऊन कुणीतरी जागा उबदार करून ठेवतं, हे तिला पहिल्यांदाच घडत होतं.

आणि संगीत चांगलं होतं. तिनं आजवर वाजवलेल्या कशाहीपेक्षा चांगलं. संस्थेच्या लोकांना तिनं फोनवर सांगितलं की शेवटची रचना मी पुरी करते आहे. ते हरखून गेले. वर्तमानपत्राचा एक माणूसही येतो म्हणाला. "संगीत लिंडाउ आणि खांबेटे," संस्थेच्या बाई म्हणाल्या, "असं छापू." विभावरीनं फोन ठेवला तेव्हा तिचे डोळे भरून आले होते, आणि त्याचा तिलाच राग आला.

मयुरेशला तिनं सांगितलं ते जेवताना, सहज सांगावं तसं. त्याची बायको तनया ऑफिसच्या कॉलवर आत होती. तो पोळीचा तुकडा हातात धरून ऐकत राहिला.

"आत्या, तुझी बोटं आखडलीत. सेन्सेशन जातं कधीकधी. टेर्मिन, अपॉइंटमेंट घेऊ या का डॉक्टरची?"

"घे. पण आधी तुझा कॅमेरा घेऊन ये."

तो आला. विद्यापीठातला, हातात मावेल एवढा कॅमेरा होता. त्याच्या पडद्यावर गार वस्तू निळ्या दिसायच्या, गरम वस्तू पिवळ्या. मयुरेशनं आधी खोली पाहिली. सगळी निळी. मग विभावरीनं झाकण उघडलं.

पडद्यावर पट्ट्यांची निळी रांग होती आणि तिच्यावर बोटांच्या टोकांएवढे पिवळे ठिपके होते. काही फिके, काही ठळक. मयुरेशनं एक चित्र टिपून घेतलं. दोघं बघत असतानाच त्यांतले फिके ठिपके विरले, मग ठळकही फिके झाले. दोन-तीन मिनिटांत सगळं निळं झालं.

"आल्झो, म्हणजे..." मयुरेश म्हणाला. त्यानं खिडकीच्या कड्या पाहिल्या, पियानोत वाकून पाहिलं, हीटरवर हात ठेवला. "आता तू वाजव. काहीही. कंपेअर करू."

ती तिथवर मिळालेला भाग वाजवून बाजूला झाली. त्यानं लगेच चित्र घेतलं आणि दोन्ही चित्रं लॅपटॉपवर शेजारी लावली. त्याला त्यात फक्त ठिपके दिसत होते. विभावरीला पहिल्या चित्रात जे दिसलं त्यानं ती खुर्चीत मागे टेकली.

लिंडाउचा पंजा मोठा होता. दहा पट्ट्यांचं अंतर तो एका हातात घ्यायचा आणि त्याच्या रचनांत तसे स्वरगुच्छ जागोजाग होते. तिचा हात लहान. ती खालचा सूर आधी आणि वरचा मागून, असे तोडून वाजवायची. पहिल्या चित्रातही खालचा ठिपका फिका होता आणि वरचा ठळक. म्हणजे तोडूनच वाजवलं होतं. आणि उजव्या हाताच्या प्रत्येक गुच्छात चौथ्या बोटाच्या, अनामिकेच्या, जागी नुसता धुरकट डाग होता. टेकलेल्या, पण न दाबलेल्या बोटाचा.

"हे माझेच हात आहेत," ती म्हणाली.

"मग कालचेच असणार."

"काल संध्याकाळी मी गेले तेव्हापासून खोलीला कुलूप आहे. आणि तूच बघितलंस, दोन मिनिटांत विझतात."

मयुरेश पुन्हा चित्रांकडे पाहू लागला. त्याच्या कपाळावर आठी पडली होती. लहानपणी गणित अडलं की पडायची तशीच. "म्हणजे ऊब आधी आणि हात नंतर," तो अखेर म्हणाला. "आत्या, हे मला कुणाला सांगतासुद्धा येणार नाही."

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा आला. या वेळी झाकण उघडल्यावर पडद्यावर बोटांचे ठिपके नव्हते. डाव्या टोकाला, अगदी खर्जात, तळव्याच्या कडेचा एक लांबट ठसा होता आणि त्याला लागून तीन बोटं, पसरलेली, वाकडी.

"हे वाजवणं नाहीये," विभावरी म्हणाली. "हे आधार घेणं आहे."

"मग आज वाजवूच नकोस. बघू काय होतं. पट्ट्यांना हात लावायचा नाही. सरळ खाली जाऊ."

तिला ते पटलं. पियानोच्या डाव्या कोपऱ्यावर ठेवलेला मफलर घ्यायला ती वळली. मयुरेशच्या लॅपटॉपची वायर जमिनीवर होती. तिचा पाय अडकला, तोल गेला, आणि तिनं जे हाताशी आलं ते धरलं. खर्जातले सूर एकदम घणाणले. खालून फ्राऊ लिंडाउची खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

विभावरी सावरून उभी राहिली. मयुरेशच्या हातात कॅमेरा तसाच होता. त्यानं पडदा तिच्यासमोर धरला. तळव्याची कड, तीन बोटं, पसरलेली, वाकडी. मघाच्या चित्रात आणि या चित्रात केसाचाही फरक नव्हता.

"आत्या, तू इथे परत येऊ नकोस," तो हळूच म्हणाला.

"शुक्रवारी रेकॉर्डिंग आहे."

"तरी."

मयुरेश ऑफिसला गेला. विभावरी जिना उतरली तेव्हा फ्राऊ लिंडाउ स्वयंपाकघराच्या दारात काठी टेकून उभी होती.

"पडलात?"

"पडता पडता वाचले."

म्हातारीनं चहा केला, सफरचंदाच्या केकचा तुकडा पुढे सरकवला.  मग विभावरीनं जो प्रश्न तीस वर्षांपूर्वी, पहिल्या भेटीतच विचारायला हवा होता आणि पुस्तकांतून उत्तर मिळालं म्हणून विचारला नव्हता, तो विचारला. तुमच्या वडिलांनी वाजवणं का सोडलं?

"तुमच्या पुस्तकात आहे ना," फ्राऊ लिंडाउ म्हणाली. तिच्या आवाजात टोमणा नव्हता.

"तुम्ही सांगा."

"मला कारण ठाऊक नाही. काय झालं ते ठाऊक आहे." तिनं खिडकीकडे पाहिलं. "एका सकाळी ते नेहमीसारखे वर गेले. मी इथेच होते, बटाटे सोलत होते. वरून आवाज आला नाही. थोड्या वेळानं ते खाली आले. दोन्ही हात खिशात. ते कधी खिशात हात घालत नसत. म्हणाले, आज सगळं एकाच जागी आहे. मला काही कळलं नाही. त्यांनी खोलीला कुलूप लावलं, किल्ली मला दिली आणि बागेत गेले."

"आणि मग?"

"मग काही नाही. बरीच वर्षं जगले. झाडं लावली, ही सफरचंदं त्यांचीच. शेवटी इस्पितळात गेले, झोपेत."

"सुखात होते?"

फ्राऊ लिंडाउनं विचार केला. "संध्याकाळी कधीकधी टेबलावर त्यांची बोटं चालायला लागायची. लक्षात आलं की हात मांडीखाली घेऊन बसायचे. असेच बसायचे, अंधार पडेपर्यंत."

विभावरीच्या पुस्तकातलं सगळ्यांत गाजलेलं प्रकरण त्या टेबलावर, केकच्या चुऱ्यात, संपलं. तिला वाईट वाटायला हवं होतं. पण वाईट वाटून घ्यायलाही जोर लागतो. तिनं चहा संपवला आणि कप विसळून ठेवला.

त्या संध्याकाळी हरीशचा फोन आला. हॅम्बर्गला आठवडाभर पाऊस लागून राहिला होता, निधी शनिवारी घरी येणार होती.

"आवाज का असा येतोय तुझा?" त्यानं विचारलं.

"कंटाळलेय."

"मग ये निघून. कोण काय करणार आहे? म्हणावं तब्येत बरी नाही."

"शेवटचं पान राहिलंय, हरीश. ते मिळालं की येते."

"मिळालं की म्हणजे? लिहितेयस ना तू ते?"

"हो," ती म्हणाली. "लिहितेय."

फोन ठेवल्यावर तिला वाटलं, त्याला सांगायला हवं होतं. पण काय सांगायचं हे शब्दांत जुळेना. ते शेवटचं पान खरंच राहिलं होतं. पुढचे दोन दिवस पट्ट्यांनी तिला तिथवर नेलं. शेवट आता जवळ आहे हे तिला कळत होतं. एवढं वाजवल्यावर कळतंच. सूर खाली खाली येत होते, एकमेकांच्या जवळ सरकत होते. मग गुरुवारी ऊब मधेच संपली. उरलेलं उद्या मिळेल हे तिनं धरूनच ठेवलं.

शुक्रवारी सकाळी मयुरेश न विचारताच तिच्याबरोबर निघाला. रजा घेतली आहे म्हणाला.  चढावर तिच्याबरोबर तोही बाकावर बसला.

ध्वनिमुद्रण करणारा ओलाफ आधीच आला होता. त्यानं आदल्या दिवशीच तिच्याकडून किल्ली घेऊन मायक्रोफोन लावून ठेवले होते आणि आता तो शेजारच्या खोलीत आपल्या यंत्रांपाशी बसला होता. खोलीत शिरलं नाही कुणी, असं त्यानं विचारायच्या आधीच सांगितलं. धूळ उडते म्हणून तोच कुणाला जाऊ देत नव्हता. वर्तमानपत्राचा माणूस खाली केक खात होता.

विभावरीनं झाकण उघडलं. मयुरेशनं कॅमेरा धरला.

बोटांचा एकही ठिपका नव्हता.

पियानोच्या मध्यावर, काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांवरून आडवा, कोपरापासून मनगटापर्यंतचा एक रुंद पट्टा होता. आणि त्याला टेकून एक लांबट गोल, तळहाताहून मोठा. एका कडेला गोलाई, दुसऱ्या कडेला हनुवटीसारखा निमुळता.

"हे काय आहे?" मयुरेशनं विचारलं. "हे हात नाहीत. कुणी काही ठेवलं होतं का इथे?"

विभावरीला कळलं होतं. लिंडाउला त्या सकाळी लागलं ते हेच असणार, सगळं एकाच जागी. आपण दमून टेबलावर डोकं टेकतो, तेव्हा हात कसा येतो आणि गाल कुठे येतो, हे कुणी सांगावं लागत नाही.

"आत्या, खाली चल."

ती उठली. मफलर घेतला. दारापर्यंत गेली आणि मुठीवर हात ठेवला. पितळी मूठ इतकी गार होती की बोटं चिकटली. खाली वर्तमानपत्राचा माणूस होता, त्याला काय सांगायचं ते ठरवायला हवं होतं. मग ट्राम, मग गाडी, मग पाऊस. मग संध्याकाळी टेबलाशी बसायचं, हात मांडीखाली घेऊन. हरीश विचारेल, चहा ठेवू का? ती हो म्हणेल. अशा किती संध्याकाळी असतील कुणास ठाऊक.

तिनं मूठ सोडली.

"शेवटचं पान आहे," ती मयुरेशला म्हणाली. "तू बस तिथे खिडकीशी. वायर तेवढी आवरून घे."

"आत्या, प्लीज."

"बस रे. दहा मिनिटांचं काम आहे."

त्यानं कॅमेरा पियानोच्या कडेवर टेकवून ठेवला, वायर गोळा केली आणि तो खिडकीशी जाऊन बसला. स्पीकरमधून ओलाफचा आवाज आला. "फ्राऊ खांबेटे, तुम्ही म्हणाल तेव्हा."

"आता," ती म्हणाली.

तिनं सुरुवातीपासून वाजवलं. लिंडाउचे सूर, मग तो तुटलेला सांधा, मग पुढचं सगळं. अनामिका दुखली नाही. असं तिनं कधीच वाजवलं नव्हतं, आणि वाजवताना तिला तेही शांतपणे कळत होतं.

गुरुवारी जिथे ऊब संपली होती तिथे ती आली. हात पुढे गेले. कुठलीही एक पट्टी उबदार नव्हती. मधल्या सगळ्याच होत्या. सूर एकमेकांच्या जवळ सरकत तिथेच चालले होते.

तिनं कॅमेऱ्याच्या पडद्याकडे पाहिलं. एरवी दोन मिनिटांत सगळं विझायचं. आता कितीतरी वेळ झाला होता. तिचे हात त्यात दिसत होते, वाजवणारे, फिकट होत चाललेले. आणि त्यांच्या मधोमध तो लांबट गोल तसाच होता, पिवळाधमक, उलट कडांनी जरा पसरलेला.

खिडकीशी मयुरेश उभा राहिला. तो काही म्हणाला असावा.

विभावरीनं शेवटचे सूर हळूहळू दाबले. पट्ट्यांची ऊब आता मनगटांवरून वर चढत होती, आणि तिला फार दिवसांनी, अगदी मनापासून, झोप येत होती.